हरभऱ्यात घुसलेली विनाशिका

जहाजाचा विषय निघाला नव्हता, तोवर सगळं कसं सरळ सुतासारखं चाललं होतं.

मुदखेडचे पाहुणे वेळेवर आले, पोहे खाऊन झाले, अक्काला बघून झालं. मुलगा म्हणजे श्रीशैल आणि अक्का दोघं गच्चीवर जाऊन बोलूनही आले. आणि जिना उतरताना अक्का हसत होती! हे तनुजानं जिन्याखाली उभं राहून स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं होतं, म्हणून तर ती आतल्या आत नाचत होती. याआधीची स्थळं आली तेव्हा अक्का त्याच जिन्यावरून उतरली होती, पण तिचा चेहरा कसा, तर पेपर अवघड गेल्यासारखा.

"तनू," स्वयंपाकघरात येऊन अक्का तिच्या कानाला लागली, "हा माणूस म्हणे एका दरवाज्यावर वर्षभर काम करत होता. जहाजाच्या एका दरवाज्यावर!"

"कुठल्या दरवाज्यावर?"

"ते सांगता येत नाही म्हणाला." आणि तोंडावर ओढणी धरून ती पुन्हा हसली.

अक्का म्हणजे तनुजाची थोरली बहीण, खरं नाव मंजुषा. लातूरच्या कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवायची, आणि मुलग्यांच्या बाबतीत तिचे मार्क फार कडक होते. असा माणूस तिला आवडला म्हणजे आता फक्त सुपारी फुटायची बाकी होती. दहावीची परीक्षा गेली खड्ड्यात, तनुजा मनात साड्यांचे रंग ठरवू लागली.

तेवढ्यात बैठकीतून शंकरप्पा काकांचा आवाज आला. काका म्हणजे तनुजाचे वडील ईश्वरप्पा, घरातले अप्पा, यांचे थोरले भाऊ. भावकीत त्यांच्या शब्दाशिवाय कुणाची सुपारी फुटत नसे.

"बरं पाव्हणं, नौदलाचं जहाज बनवता म्हनं तुमी."

"आराखडा करतो काका," श्रीशैल म्हणाला. "लई जण मिळून करतो. त्यातला मी एक. दिल्लीला ऑफिस आहे."

"कोणचं जहाज?"

"क्षेपणास्त्र विनाशिका. पुढच्या पिढीची."

अव्वानं, म्हणजे तनुजाच्या आईनं, दाराआडून घाईघाईनं कपाळावरची विभूती चाचपली. "शुभकार्यात हे कसलं गं नाव," ती पुटपुटली.

"आन् हाय कुठं ते जहाज?" काका.

"अजून झालं नाही."

"निम्मं झालंय?"

"न्हाई. अजून लोखंडसुद्धा कापलं नाही. नियोजित आहे."

श्रीशैल बिचारा मुदखेडचा, त्याला काय माहीत! निलंग्याच्या बाजूला 'नियोजित' हा शब्द असा भरल्या बैठकीत काढायचा नसतो. रस्त्यारस्त्यावर पाट्या आहेत: नियोजित सभागृह, नियोजित वाचनालय, नियोजित क्रीडासंकुल. पाटीमागे बोरी-बाभळी आणि बोरी-बाभळीत शेळ्या. काकांच्या मिशा काळ्या होत्या तेव्हा लागलेली एक पाटी तर आता गंजून पडली होती, आणि ती पुन्हा उभी करणंसुद्धा नियोजित होतं.

"नियोजित," काका सावकाश म्हणाले. "बरं, नाव तरी काय जहाजाचं?"

"नाव अजून ठेवलं नाही."

"पाण्यात कधी उतरणार?"

"सांगता येत नाही नक्की. आठ-दहा वर्षं तर लागतीलच."

"बरं, आत काय काय असणार?"

"ते… सांगता येत नाही, काका."

"म्हंजे बिननावाचं, बिनलोखंडाचं, बिनपाण्याचं जहाज," काकांनी बोटं मिटत मिटत मोजलं. "आन् त्याच्यावर आमची पोरगी बसवायची."

श्रीशैलचे वडील मन्मथप्पा किराणा दुकानदार. एका मर्यादेपर्यंत गिऱ्हाइकाचं ऐकून घेणारे. ती मर्यादा संपली. "मग काय करू शंकरप्पा? तागडीत घालून आणू का जहाज?"

"राग मानू नका. रिवाज हाय आपला," काका शांतपणे म्हणाले. "पोरगी बघून झाल्यावर पोरीकडची माणसं घर-शिवार बघायला जातेत. तुमाला शेत न्हाई, बरं, नसू दे. दुकान भाड्याचं, असू दे. पोरगा ज्याच्यावर जेवतो ते जहाज, तर जहाज दाखवा. डोळ्यानं बघितल्याबिगर मी सुपारी फोडत न्हाई. सोमवारी फोन करतो."

सोमवारी फोन करतो, याचा अर्थ घरातल्या मांजरालाही कळत होता. नकार समोरासमोर द्यायचा नाही म्हणून काका फोन करत.

पाहुणे गेले. अक्कानं सूप घेतलं, तांदूळ घेतले आणि निवडायला बसली. निवडून झालेले तांदूळ तिनं पुन्हा सुपात ओतले आणि पुन्हा निवडायला लागली. तनुजाला ते बघवेना.

आता इथं एक गोष्ट सांगायला हवी. डिसेंबरपर्यंतची तनुजा असती, तर तीही अक्काशेजारी बसून तांदूळ निवडत रडली असती. पण शाळेच्या गॅदरिंगला सूत्रसंचालन करणारी मुलगी ऐनवेळी तापानं फणफणली, बाईंनी समोर दिसली म्हणून तनुजाच्या हातात माइक दिला, आणि तनुजाला शोध लागला की आपल्याला आवाज आहे! समोर अख्खं गाव बसलं होतं आणि ते हसत होतं, तिच्याकडे बघून नव्हे, तिच्या बोलण्यावर. तेव्हापासून अव्वाचं म्हणणं, "माइक धरल्यापासून हिचं बटण बंदच होईना."

तर बटण चालूच असल्यामुळे तनुजा त्याच संध्याकाळी काकांच्या ओसरीवर जाऊन धडकली.

"काका, मुंबईला जुन्या विनाशिका असतात. कधीकधी लोकांना आत सोडतात. तुम्हाला दाखवून आणतील की ते!"

"तनुजा, सोयरिकीत कुणी दुसऱ्याचं शेत दाखवून आपलं म्हणलं, तर आपण काय म्हणतो त्याला?"

"लबाड."

"मग? जा अभ्यासाला."

ती घरी आली ती थेट नव्या घराच्या जोत्यावर जाऊन बसली. मागच्या वर्षी इथं नुसती मोकळी जागा होती. गवंड्यानं पांढरी फक्की टाकून आखणी केली आणि अप्पा म्हणाले, बघा घर. अव्वा त्या फक्कीच्या रेघांमधून इकडून तिकडं चालली, एका चौकोनात उभी राहिली आणि म्हणाली, "या स्वयंपाकघरात एकतर मी मावंन न्हाईतर परात." अप्पांनी तिथल्या तिथं पायानं रेघ पुसली आणि दोन हात पुढं ओढली. वीट नव्हती, माती नव्हती, पण अव्वा त्या घरात राहून आली होती!

तनुजा ताडकन उठली. अक्काच्या फोनवरून तिनं नंबर लावला.

"हॅलो, नियोजित भाऊजी का?"

पलीकडं कुणीतरी चहा पीत होतं, कारण आधी मोठा ठसका ऐकू आला. "कोण?"

"तनुजा. तुमची नियोजित मेव्हणी. ऐका, आपण जहाज काढायचं. अप्पांच्या शेतात, खऱ्या मापाचं. फक्कीनं. काकांना आतून फिरवायचं."

पलीकडं कप खाली ठेवल्याचा आवाज आला. मग श्रीशैल म्हणाला, "मला त्यातलं काहीच सांगता येणार नाही. नोकरी जाईल. आणि जायलाच पाहिजे."

"तुम्ही सांगूच नका. पेपरात छापून आलंय तेवढं मी वाचलंय. आत्ताच्या विनाशिका दीडशे मीटरच्या वर आहेत, नवी त्याहून मोठी असणार. मी पावणेदोनशे धरते. बरोबर आहे का?"

श्रीशैल काहीच बोलला नाही.

"म्हणजे बरोबर?"

"तनुजा, मी गप्प बसलो की त्याचा अर्थ हो पण नाही आणि नाही पण नाही. नुसता गप्प बसलोय असा आहे."

"बरं बाई! मग आत काय काढू?"

"लोक बघायला येतात तेव्हा जुन्या जहाजावर जे दिसतं, ते मी सांगू शकतो. कोणत्याही मोठ्या विनाशिकेत असतं ते. तेवढंच."

"पुरे! रविवारी या. तुमच्या बाबांना घेऊन या, नाहीतर गाव बोलंल."

अप्पांना पटवणं सोपं गेलं. अप्पा मवाळ माणूस. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि एवढंच विचारलं, "फक्की किती लागंल?" मग स्वतःच म्हणाले, "कडेला फक्की नको. ठिबकच्या नळ्या गुंडाळून पडल्यात. त्या गोल वळतेत चांगल्या." काकांना त्यांनी निरोप धाडला, रविवारी शेताकडं या, जहाज बघायला.

रविवारी सकाळी श्रीशैल आणि मन्मथप्पा नांदेड, लातूर असं करत एसटीनं उतरले. मन्मथप्पांचा पायजमा परीटघडीचा आणि चेहरा नाइलाजाचा. तूर काढून झालेल्या काळ्या रानात सगळीकडं धसकटं उभी होती. दुसऱ्याच पावलाला त्यांच्या पायजम्याला एक धसकट लागलं.

"आम्ही लग्न ठरवून राहिलो की जहाज हाकून राहिलो, तेच मला कळंना," ते मुलाला म्हणाले.

काम मात्र झकास सुरू झालं. शेताच्या एका टोकाला जहाजाचं चौकोनी ढुंगण. (तनुजानं 'मागची बाजू' म्हणायचं ठरवलं होतं, पण अप्पांनी ढुंगणच म्हटलं आणि मग तेच राहिलं.) तिथून दोन्ही बाजूंनी नळ्या सोडायच्या, मध्ये अंतर ठेवायचं, आणि पुढं पुढं जात दोन्ही नळ्या टोकाला आणून एकमेकींना भिडवायच्या. नळी हातानं लावली की कशी सुरेख वळायची! अप्पा चाळणीतून फक्की टाकत आतल्या भिंती काढत होते. तनुजा मधूनच ओरडायची, "भाऊजी, इथं रुंदी बरोबर आहे का?" आणि श्रीशैल लगेच आभाळाकडं बघायचा. एकदा त्याला खरोखरच शिंक आली, तर तनुजानं ती होकार धरावी की नकार, याचा बराच विचार केला.

आणि मग शेत संपलं.

वाटणीत अप्पांच्या वाट्याला लांबट चिंचोळा पट्टा आला होता, पण जहाज त्याहून लांब निघालं. जहाजाचं नाक राहिलं, आणि पुढं बांध. बांधापलीकडं शंकरप्पा काकांचा हरभरा, घाटे भरून डुलत असलेला.

सगळे बांधाजवळ थांबले. दोन सख्खे भाऊ आणि मध्ये बांध, यात काय काय असतं हे कुणाला सांगायला नको. काका आणि अप्पा यांच्यात कधी भांडण झालं नव्हतं, कारण अप्पांनी वाटणीपासून त्या बांधावरचं गवतसुद्धा विचारल्याशिवाय कापलं नव्हतं.

"नाक थोडं आखूड करू," अप्पा म्हणाले. त्यांचा आवाज बारीक झाला होता.

"हाव," मन्मथप्पा म्हणाले. "कुणाला कळतंय?"

श्रीशैल आभाळाकडं बघत होता, पण आता त्याचे कानसुद्धा लाल झाले होते.

तनुजानं नळीचं टोक हातात घेतलं. "आखूड केलं तर काका म्हणतील, बघा, अपुरंच हाय. आणि ते खरं असंल," ती म्हणाली, आणि बांध ओलांडून हरभऱ्यात शिरली. दोन्ही नळ्या तिनं झाडं न मोडता वरच्यावर ठेवल्या, टोकाशी आणून भिडवल्या आणि वर एक दगड ठेवला. झालं जहाज! तिनं मागं वळून पाहिलं. केवढं होतं ते! अप्पा नळी सैल सोडायला पार मागच्या टोकाला गेले होते आणि तिथून ते उभ्या केलेल्या काडीएवढे दिसत होते.

"माझ्या हरभऱ्यात कोण हाय ते?"

काका! मोटारसायकल रस्त्यावर लावून, धोतराचा सोगा धरून ते तरातरा येत होते.

"काका, मी," तनुजा म्हणाली.

"ही नळी कुणाची?"

"आमची."

"आन् बांध कुणाचा?"

"दोघांचा."

"मग माझ्या रानात कामून?"

मागून अप्पा धावत येत होते, पण ते जहाजाच्या दुसऱ्या टोकाकडून येत होते, त्यामुळे त्यांना वेळ लागणार होता. जे काही बोलायचं ते तनुजालाच बोलायचं होतं. हातात माइक नव्हता. तिनं नळीच घट्ट धरली.

"काका, तुम्ही म्हणालात जहाज दाखवा. हे जहाज. एवढं मोठं आहे की आमच्या शेतात मावलं नाही. कापून दाखवलं असतं तर तुम्हाला खोटं दाखवल्यासारखं झालं असतं. आत्ता तुम्ही जहाजाच्या नाकात उभे आहात."

काकांनी खाली पाहिलं. दोन्ही बाजूंना काळी नळी होती. मग त्यांनी नळीच्या रेघेवरून नजर मागं मागं नेली, बांधावरून पलीकडं, तुरीच्या रानात, लांब, आणखी लांब. त्यांचं तोंड किंचित उघडं राहिलं.

"तिथवर?"

"तिथवर."

"हे सगळं लोखंडाचं?"

"सगळं."

काकांनी वहाणा काढल्या. का काढल्या कुणाला कळलं नाही, बहुतेक त्यांनासुद्धा नाही. आणि बांध ओलांडून ते जहाजात चालायला लागले. तनुजानं एवढा मोठा श्वास सोडला की शेजारचा हरभरा हलला असावा.

पुढं श्रीशैल हात जोडून नमस्कार करत त्यांच्याबरोबर चालायला लागला. "शरणार्थ काका. माप पेपरात आलंय त्यावरून तनुजानं धरलेलं आहे. आतलं मी जुन्या जहाजावरचं सांगतोय, लोकांना दाखवतात तेवढं."

"म्हंजे साडी आईची आन् नेसली लेकीनं," काका म्हणाले. पण चालत राहिले. "हे चौकोन कसले? एका ओळीत?"

"क्षेपणास्त्रं. उभी ठेवलेली असतात, डेकच्या खाली. वर झाकण."

"पेव!" काका थबकले. "ईश्वरप्पा, पेव हाय रे हे! आपल्या आज्याच्या वक्ताला ज्वारी ठेवायचे तसं. खाली माल, वर झाकण."

"अगदी तसंच," श्रीशैल म्हणाला आणि पहिल्यांदा मोकळं हसला.

"आन् माणसं किती?"

"तीनशेच्या आसपास असतात."

"तीनशे! भटारखाना कुठाय?"

अप्पांनी फक्कीचा एक चौकोन दाखवला. काका त्यात जाऊन उभे राहिले. दरवर्षी जत्रेतल्या दासोहाचा, म्हणजे महाप्रसादाचा, स्वयंपाक काकांच्या देखरेखीखाली व्हायचा. हजार पान उठवणारा माणूस. त्यांनी दोन्ही हात पसरले, गोल फिरले, आणि चेहरा वाकडा केला.

"हे गलत हाय. वाढपी इथनं जाणार आन् रिकामी भांडी बी इथनंच येणार? एकमेकांच्या अंगावर आमटी सांडतेत की! दोन वाटा पाहिजेत." आणि पायानं, चक्क अनवाणी पायानं, त्यांनी फक्कीची एक रेघ पुसली.

"काका, ती खरी भिंत न्हाई, मी अंदाजानं काढलेली," तनुजा म्हणाली.

"मग बरं झालं ना? लोखंडाची असती तर कशानं पुसली असती?"

हे वाक्य बोलून झाल्यावर काकांनी वाकून पुसलेल्या रेघेची फक्की बोटांत चोळली. मग हळूच म्हणाले, "हेच करता व्हय तुमी, दिल्लीला बसून? पुसायचं, काढायचं?"

"हेच काका. वर्षानुवर्षं. नंतर पुसता येत नाही म्हणून."

त्यांनी सगळं जहाज पाहिलं. सुकाणूची खोली पाहिली, हेलिकॉप्टर उतरतं ती मोकळी जागा पाहिली. लिंगपूजेला कुणाला शांत कोपरा मिळतो का तेही विचारलं. (मिळतो, श्रीशैल म्हणाला, माणूस शोधतो.) मन्मथप्पासुद्धा आता मागंपुढं करून मोठ्यानं सांगत होते, "इकडून या, शंकरप्पा, तिकडं पेव हाय, पाय पडंल!" तनुजाला वाटलं, झालं, आता फुटली सुपारी!

पण काका जहाजाच्या मधोमध थांबले. त्यांनी श्रीशैलच्या खांद्यावर हात ठेवला आणि आवाज खाली आणला, पण काकांचा खालचा आवाजही सगळ्यांना ऐकू जायचा.

"जावईबापू म्हणंन तुमाला. आत्ता, इथंच सुपारी फोडतो. फक्त एक सांगा. तुमचं जे खरं जहाज हाय, त्यात हे असंच हाय का? ह्ये पेव किती हायत? मी कुणाला बोलत न्हाई. घरातली गोष्ट घरात."

श्रीशैलनं आभाळाकडं पाहिलं नाही. या वेळी त्यानं सरळ काकांकडं पाहिलं. मग नजर एकदा गावाच्या दिशेला गेली, जिथं अक्का होती.

"काका, ते सांगता येत नाही."

"सोयरीक मोडली तरी?"

"मोडू नये असं लई वाटतं. पण सांगता येत नाही."

अप्पांनी डोळे मिटले. मन्मथप्पांनी कपाळावर हात मारला. काका वळले आणि चालत चालत बांधापर्यंत गेले. तिथं पाठमोरे बसले. हरभऱ्यावर एक साळुंकी टणाटणा उड्या मारत होती, तेवढाच काय तो हालणारा प्राणी.

मग पाठमोरेच काका बोलले. "ईश्वरप्पा, चांगुणाच्या वक्ताला आठवतं का रे?"

चांगुणा आत्या म्हणजे या दोघांची बहीण. तिच्या लग्नाचा विषय घरात कधी निघत नसे.

"आठवतं," अप्पा म्हणाले.

"हैदराबादला डाळीची गिरणी हाय म्हणला होता तो. मी म्हणलं दाखव. त्यानं दाखवली. मशीन दाखवली, कामगार दाखवले, गोदाम उघडून पोती दाखवली. मी काई विचारायच्या आधी दाखवत सुटला. गिरणी दुसऱ्याचीच निघाली. मीच बघून आलो होतो रे, ह्याच डोळ्यांनी." त्यांनी हरभऱ्याचा एक घाटा तोडला, बोटांत फिरवला. "ज्याला देण्यासारखं कायच न्हाई, तो समदं दाखवतो. ह्याच्याकडं कायतरी हाय, म्हणून तर झाकतोय."

ते उठले, कमरेची चंची सोडली आणि आत बोटं घातली. काकांच्या चंचीत नेहमी कातरलेली सुपारी असायची. तनुजाला ते माहीत होतं, कारण लहानपणी तिनं ती चोरून खाल्ली होती. आज त्यांनी बाहेर काढली ती अख्खी, गोल, नवी सुपारी! म्हणजे सकाळी घरून निघतानाच… तनुजानं तोंडावर हात दाबला.

"मन्मथप्पा, इकडं या. धसकटं बघून या. दगड आणा कुणीतरी."

दगड तनुजानं आणला. जहाजाच्या नाकावरचाच उचलून आणला, नळ्या सुटल्या तर सुटल्या! विनाशिकेच्या मधोमध, उकिडवं बसून, दोघा म्हाताऱ्यांनी सुपारी ठेवली, शंकरप्पा काकांनी महादेवाचं नाव घेतलं आणि एका घावात फोडली. टक्! केवढासा आवाज, पण तनुजाला डोक्यावरून कुणीतरी पाण्याची घागर उतरवून घ्यावी तसं हलकं वाटलं. अप्पांनी उपरण्यानं चेहरा पुसला आणि पुसतच राहिले. श्रीशैल मटकन खाली बसला, नेमका धसकटावर, आणि तसाच हसत उठला.

"हसू नका जावईबापू," काका म्हणाले. "आता ही नळी काढा माझ्या हरभऱ्यातनं."

"काका, आजचा दिवस असू द्या ना," तनुजा म्हणाली.

काकांनी नाकाकडं पाहिलं. "दिवस मावळंस्तोवर," ते म्हणाले. "त्याच्यापुढं बांध तो बांध."

तनुजा मात्र थांबली नाही. ती पळत सुटली. पेवांवरून, भटारखान्यातून, हेलिकॉप्टरच्या जागेवरून, ढुंगणातून बाहेर, आणि रस्त्यानं घराकडं. अव्वा दारातच उभी होती. तनुजाच्या तोंडाकडं बघूनच तिला कळलं. तिनं काही न विचारता देवघराकडं वळून हात जोडले आणि तिथंच उंबऱ्यावर बसली.

आत अक्का होती. पुढ्यात सूप होतं, त्यात तेच तांदूळ.

"फुटली," तनुजा धापा टाकत म्हणाली. "सुपारी… जहाजात… त्यानं सांगितलं नाही… काका रागावले… मग काका… फुटली!"

अक्काला त्यातलं काहीच धड कळलं नसणार. पण पहिला शब्द कळला. तिनं सूप खाली ठेवलं. डोळ्यांतून एक थेंब आला, तो तिनं खांद्याला पुसला, आणि मग ती इतक्या लहान आवाजात बोलली की तनुजाला जवळ वाकावं लागलं.

"तनू, मला लई भूक लागली गं."

पाहुणे गेल्यापासून तिनं धड काही खाल्लं नव्हतं, हे कुणाच्या लक्षातही आलं नव्हतं. तनुजानं टोपली ओढली. सकाळची ज्वारीची भाकरी होती, गार झालेली, कडक. वर शेंगदाण्याची चटणी घातली, चटणीवर तेल ओतलं. अक्का भिंतीला टेकून, पाय लांब सोडून खायला लागली. मोठमोठे घास, लहान मुलीसारखे. अर्धी भाकरी झाल्यावर तिनं एक तुकडा मोडून तनुजापुढं धरला, आणि मग तनुजालाही कळलं की आपल्यालासुद्धा भूक लागली आहे, प्रचंड, आभाळाएवढी भूक. दोघी बहिणी तशाच बसून टोपली संपेपर्यंत खात राहिल्या.